चाउंदगांचा उजवा डोळा

सेन म्याचा उजवा डोळा सेन म्याचा नव्हता, ही गोष्ट ब्रह्मदेशातल्या आमच्या मोन्युवात सगळ्यांना ठाऊक होती. तो ऊ पो न्येन यांचा होता. राहायला तेवढा तिच्याकडे होता.

ऊ पो न्येन उडदाचे व्यापारी. त्यांचा उडीद गोदामातून निघतो, यांगूनला जहाजात चढतो आणि भारतात जाऊन त्याचे वडे-पापड होतात म्हणे. तिकडचे लोक या काळ्या दाण्यासाठी इतका जीव का टाकतात हे आमच्या गावाला अजून कळलेलं नाही, आणि कळून घ्यायची कोणाला घाईही नाही. या धंद्यातून जे सुटतं त्यातून ऊ पो न्येन पुण्य करतात. मठ बांधून देणाऱ्याला आमच्याकडे चाउंदगा म्हणतात. ही पदवी एकदा चिकटली की माणसाचं मूळ नाव मागे पडतं. घरात बायकोसुद्धा 'चाउंदगा, जेवायला या' म्हणते, आणि ती स्वतः चाउंअमा होते.

चाउंदगांची आई, दो प्वा मे, वारली तेव्हा त्यांनी तिच्या नावे डोळे दान केले. म्हणजे मठाच्या डोळ्यांच्या दवाखान्यात गरिबांच्या मोतीबिंदूंची ऑपरेशनं स्वतःच्या खर्चानं करवली. सुरुवात घरापासून केली. सेन म्या त्यांच्याच गोदामात उडीद निवडायला बसायची. तिचा डावा डोळा लहानपणीच गोवरात गेला होता आणि उजवा मोतीबिंदूनं पिकत आला होता. हाताशी इतकी सोयीची गरीब असताना बाहेर कुठं शोधत बसायचं? तेव्हा पहिला मान तिचा. ऑपरेशन झालं, डोळ्यावर पट्टी बांधली, पट्टीशेजारी उभं राहून चाउंदगांनी फोटो काढून घेतला, भिक्षूंनी सूत्रं म्हटली, चाउंदगांनी उदक सोडून पुण्य आईला पोचवलं आणि जमलेल्यांनी 'साधु, साधु, साधु' म्हटलं. फोटो गोदामात तराजूच्या वर लागला. येणारा-जाणारा आधी फोटोकडे बघायचा, मग सेन म्याकडे, आणि मग म्हणायचा, "हाच का तो?"

काही वर्षं तो डोळा उत्तम चालला. सेन म्यानं त्यातून भाचीचं लग्न पाहिलं, भाचीचा नवरा पाहिला, आणि तो दुसऱ्या बाईबरोबर मंडालेच्या बसमध्ये चढतानाही सर्वांत आधी तिनंच पाहिला. मग एका वर्षी थिंजानचा, म्हणजे नववर्षाच्या सणाचा, पाण्याचा धुडगूस आटोपला आणि त्यानंतर हळूहळू सगळं तांदळाच्या धुवणातून बघितल्यासारखं दिसू लागलं. दिव्यांना केस फुटले. समोरून येणारं माणूस आवाज दिल्याशिवाय ओळखू येईना.

उडीद काळा आणि त्यातले खडेही काळे. तिच्या सुपातून पोत्यात खडे जाऊ लागले. मुकादम को ल्विन हा तोंडाळ असला तरी वाईट नव्हता. पहिल्यांदा त्यानं मूठभर उडीद तिच्यापुढे धरला आणि विचारलं, "अदो, भारतातल्या लोकांच्या दातांशी तुमचं काही वैर आहे का?" बायका हसल्या. सेन म्याही हसली, कारण अदो, म्हणजे मावशी, म्हणून कोणी थट्टा केली तर हसायचं असतं. पुढच्या वेळी त्यानं थट्टा केली नाही. पोती शिवायला बसा म्हणाला, डोळा नीट होईस्तोवर. पोती शिवणाऱ्यांना निवडणाऱ्यांच्या निम्मंच मिळतं आणि सुई ओवायला शेजारणीची विनवणी करावी लागते ती वेगळीच.

डोळा का बिघडला याचं निदान आळीनं आपसांत केलं. एकीच्या मते सेन म्यानं ऑपरेशननंतर बांबूचे कोंब खाल्ले. दुसरी म्हणाली, नको त्या वारी डोक्यावरून न्हाली असेल. तिसरीच्या मते भाचीच्या नवऱ्यासाठी फार रडली, तेही त्याची तेवढी लायकी नसताना. दाता पुण्यवान, डॉक्टर हुशार, यावर सर्वांचं एकमत होतं. मग दोष द्यायला मागे उरलं कोण? मागच्या जन्मी कोणाचा तरी दिवा विझवला असणार, असं ठरलं आणि आळी आपापल्या कामाला लागली.

भाची मा त्वे मात्र तिला धरून दवाखान्यात घेऊन गेली. ती सेन म्याला चीदो म्हणायची, थोरली मावशी म्हणून, आणि नवरा गेल्यापासून तिच्याकडेच राहायची. दवाखान्यात डॉक्टर ई मोन नावाची यांगूनहून आलेली तरुण बाई होती. तिनं थेंब घातले, यंत्राला हनुवटी टेकवायला लावली आणि बराच वेळ आत पाहत राहिली.

"परत आला का?" सेन म्यानं विचारलं.

"मोतीबिंदू परत येत नसतो, अमे." तिथं सगळ्या म्हाताऱ्यांना अमे म्हणजे आई म्हणायची पद्धत. "तुमचं जुनं भिंग काढलं ना, त्याची पातळ पिशवी आत तशीच ठेवतात. नवीन भिंग त्या पिशवीतच बसवतात. तिचीच मागची बाजू गढुळली आहे. पुष्कळांना होतं हे. भिंग छान आहे, मागचा पडदाही छान आहे."

"मग परत कापायचं?"

"कापायचं काही नाही. लेझरच्या उजेडानं त्या पिशवीला मधोमध छोटीशी खिडकी पाडायची. दुखत नाही, टाका नाही, पट्टी नाही. दहा मिनिटांत चालत घरी."

सेन म्या म्हणाली, मग आत्ताच करून टाका, आलेच आहे तर. डॉक्टर करणारच होती. पण शेजारच्या नर्सनं तिच्या कानात दवाखान्याची रीत सांगितली. दानातून झालेल्या डोळ्याला पुढं जे काही लागेल ते आधी त्याच दात्याला विचारायचं, परस्पर करायचं नाही. एका आजीबाईच्या चष्म्यावरून दोन दात्यांत मठाच्या आवारातच गचांड्या धरायची पाळी आली होती, तेव्हापासून हा नियम. डॉक्टर नवीन होती. ती म्हणाली, विचारू की, नाही कशाला म्हणतील, एवढासा तर खर्च आहे.

चाउंदगांनी सेन म्याला घरी बोलावून घेतलं. बैठकीत दो प्वा मेचा मोठा फोटो होता. त्याच्याखाली फरशीवर ती आणि त्वे बसल्या. चाउंअमानं गोड कॉफी दिली. चाउंदगांनी सगळं बारकाईनं विचारून घेतलं. ऑपरेशन नाही? नाही. दवाखान्यात राहायचं नाही? नाही. आणि पट्टी?

"पट्टी पण नाही म्हणे," त्वे उत्साहानं म्हणाली.

चाउंदगांचा चेहरा पडला. पट्टी नाही, तर लोकांना दाखवायचं काय आणि फोटो कशाचा काढायचा? पण त्यांना बिचाऱ्यांना कंजूष किंवा दिखाऊ म्हणणं अन्याय होईल. पट्टी ही त्यांची वरवरची अडचण होती. खरी धास्ती निराळी होती आणि ती त्यांनी आवाज खाली आणून सांगितली. भिक्षूचं चीवर फाटलं तर दुसरं देता येतं, छप्पर गळलं तर पत्रा बदलता येतो. पण हे पुण्य आईच्या नावे पोचतं केलेलं होतं. ज्या दानाचं पुण्य आईला गेलं ते दानच जर गढूळ झालं असेल, तर तिकडे आईचं काय चाललं असेल? लेझर मारून डोळा साफ होईल एक वेळ. जिथून गढूळपणा आला तिथं कोण लेझर मारणार?

"त्या दिवशी काही चुकलं होतं का?" त्यांनी बायकोला विचारलं.

चाउंअमाला आठवलं. उदक सोडून झालं होतं. 'साधु' एकदा झालं, दुसऱ्यांदा झालं आणि तिसऱ्याच्या वेळी वीज गेली. लाउडस्पीकर बंद पडला. मोन्युवात वीज जाणं ही काही लक्षात ठेवण्याजोगी गोष्ट नव्हे, म्हणून इतकी वर्षं कोणाच्या ध्यानात आलं नाही. मांडवातल्या लोकांनी तिसरं 'साधु' म्हटलं असेलही, पण तोवर निम्मे जेवणाच्या पंगतीकडे धावले होते.

"म्हणजे आईला दोनच पोचली," चाउंदगा म्हणाले, आणि त्यांच्या डोळ्यांत पाणी आलं. मेलेल्या माणसानं पुण्यवाटपाचं 'साधु' ऐकून स्वतः 'साधु' म्हटलं तरच त्याची सुटका होते, नाहीतर ते भुकेलं भटकत राहतं, हे आमच्याकडे शेंबड्या पोरालाही ठाऊक असतं. तिसरं 'साधु' ऐकायला म्हातारी इतकी वर्षं कान लावून उभी असेल, या कल्पनेनं त्यांनी कॉफीचा पेला खाली ठेवला.

तेव्हा ठरलं ते असं, की उदक पुन्हा सोडायचं. मूळ दुरुस्त झालं की डोळा आपोआप निवळेल. त्वेनं भीत भीत सुचवलं की तोवर आपण लेझर करून घेऊ, चीदोच्या कानातल्या कुड्या मोडू, तुम्हाला तोशीस नको. चाउंदगा मनापासून दुखावले. माझ्या डोळ्यासाठी अदोनं कुड्या मोडायच्या? लोक माझ्या तोंडात शेण घालतील. चाउंअमा म्हणाली, मोडायचं मनात आलंच आहे तर पॅगोड्याच्या छत्राला वाहून टाका, समारंभात तुमचाही वाटा होईल. असा मान नाकारायचा कसा, हे दोघींनाही सुचलं नाही. कुड्या तिथल्या तिथं निघाल्या.

डॉक्टर ई मोननं फोन केला. समारंभाच्या जेवणातल्या हंडाभर डुकराच्या रश्श्याला जे लागतं तेवढ्यातसुद्धा हे होईल, असं ती बिचारी समजावत होती. चाउंदगांनी शांतपणे ऐकून घेतलं आणि डॉक्टरीणबाईंना मानानं म्हणाले, "सयामा, तुम्ही डोळ्याचं बघता. मी मुळाचं बघतोय." डुकराच्या रश्श्याचे हंडे मग बरेच चढले.

समारंभ असा झाला की वर्षभर लोकांना बोलायला पुरला. पहाटेपासून लाउडस्पीकर लागला. दात्याचं नाव, त्याच्या वारलेल्या आईचं नाव, दानाचं कारण, आणि पुन्हा दात्याचं नाव, असं चक्र न थांबता चालू होतं. नदीपलीकडच्या गावालाही ते पाठ झालं. यावेळी विजेवर विसंबायचं नाही म्हणून जनरेटर आणला होता आणि तो दगा देईल म्हणून दुसरा. पंगतीत भात, डुकराचा रस्सा, अंबाडीचं आंबट सार, लफे म्हणजे मुरवलेल्या चहाच्या पानांची कोशिंबीर. सगळ्या आळीनं दोनदा जेवून घेतलं. ज्यांनी दिवा विझवल्याचं निदान केलं होतं त्यांनी तीनदा.

भिक्षूंची सूत्रं झाली. चाउंदगांनी चांदीच्या वाटीत थेंब थेंब पाणी सोडलं. पहिलं 'साधु' झालं, दुसरं झालं, आणि तिसऱ्याला सगळा मांडव भिक्षूंकडे न पाहता जनरेटरकडे पाहत होता. जनरेटर टिकला. तिसरं 'साधु' असं दणकून झालं की मठाची कुत्रीसुद्धा त्यात सामील झाली.

मग संगमरवरी शिळेवरचा पडदा दूर झाला. दानाची ही शिळा मठाच्या भिंतीत नव्यानंच बसवली होती. सूत्रसंचालकानं जाहीर केलं की ज्या डोळ्यासाठी हे पुण्यकर्म पुन्हा झालं, तोच डोळा आता या शिळेवरचा लेख वाचून दाखवेल. सेन म्याला हे आधी कोणी सांगितलं नव्हतं. तिला मांडवाच्या कडेला उभं करण्यात आलं आणि समोर माइक आला.

तिनं पाहिलं. पांढरं होतं. पण भिंतही पांढरी होती, भिंतीशेजारी उभी होती ती माणसंही पांढरीच होती. त्या सगळ्यात शिळा नेमकी कोणती हेसुद्धा कोणीतरी बोटानं दाखवायला हवं होतं, आणि ते बोटही तिला दिसलं नसतं. आता, या घटकेला, दिसत नाही एवढं म्हटलं असतं तर दुसऱ्या दिवशी तिला दवाखान्यात नेल्यावाचून कोणाचाच इलाज उरला नसता. दोन शब्दांचं काम. तिला ते कळत होतं.

पण शेजारी चाउंदगांचा श्वास ऐकू येत होता. परीक्षेचा निकाल लागायच्या वेळी पोराचा होतो तसा. पुढच्या रांगेत चाउंअमा हुंदके आवरत होती. पाठीमागं एवढा मांडव तिच्याच निमित्तानं जेवून बसला होता. आमच्या माणसांत एक भीड असते. दुसऱ्याचं तोंड खाली जाईल असं काही आपल्या तोंडून निघू नये, म्हणून माणूस बुडतानाही काठावरच्याला हाक मारत नाही, त्याची झोपमोड होईल म्हणून. सेन म्या तर याच भिडेत जन्मली आणि वाढली.

आणि वाचण्यासारखं होतंच काय? पहाटेपासून तेच तर कानांवर आदळत होतं.

तिनं दात्याचं नाव वाचलं. आईचं नाव वाचलं. दानाचं कारण वाचलं. लाउडस्पीकरवाला जिथं दम घ्यायचा तिथं तिनंही दम घेतला. एक अक्षर चुकलं नाही. संपताच साधुकाराचा असा गजर उठला की तिला क्षणभर आपल्यालाही दिसतंय की काय असं वाटलं.

त्या आठवड्यात चाउंअमाला स्वप्न पडलं. सासूबाई आल्या होत्या. आमच्या बायका नेसतात तशी हिरवी रेशमी लुंगी नेसलेली, केसांत फुलं, गालावर थनखाच्या चंदनासारख्या खोडाचा ताजा लेप, पोट भरलेलं. काही बोलल्या नाहीत. समाधानानं हसून मागे वळल्या. चाउंदगांनी ते स्वप्न दुकानात, बाजारात, बँकेत सांगितलं आणि प्रत्येक वेळी लुंगीचा रंगही सांगितला.

सोमवारी सेन म्या पोती शिवायला गेली तेव्हा को ल्विननं तिच्यापुढे सूप ठेवलं. डोळा बरा झालाय, आता पोती कशाला? ती मुकाट्यानं निवडू लागली. संध्याकाळी त्यानं तिचा निवडलेला उडीद चाळणीवर ओतला आणि खाली पडलेले खडे मुठीत घेतले.

"अदो, आता डोळ्याचं निमित्त चालायचं नाही. मी स्वतः पुढच्या रांगेत होतो," तो म्हणाला. "दिसत नव्हतं तेव्हा मी काही बोललो का? पण दिसत असून असं काम म्हणजे निव्वळ टाळाटाळ." आठवडाअखेर त्यानं तिच्या जागेवर दुसरी बाई बसवली. वाईट माणूस नव्हता, म्हणून जाताना तिला दार कुठं आहे ते हाताला धरून दाखवलं. आपण असं का केलं, हे त्याच्याही ध्यानात आलं नाही.

त्वे तिला पुन्हा दवाखान्यात घेऊन गेली. ई मोननं तपासलं आणि म्हणाली की आधीपेक्षाही जास्त गढुळलंय. मग तिनं यंत्र बाजूला सारलं. एव्हाना तिलाही मोन्युवात येऊन बरेच दिवस झाले होते. चाउंदगांकडून दवाखान्याला फळांच्या करंड्या आल्या होत्या आणि डोळा पूर्ण बरा झाल्याचा निरोप आला होता. मठाच्या विश्वस्तांनी तो आनंदानं सगळ्यांना कळवला होता.

"अमे, बऱ्या झालेल्या डोळ्यावर मी लेझर कशी मारू? उद्या मलाच विचारतील, असं काय बिघडलं होतं म्हणून. तुम्ही त्यांना एवढंच म्हणायला लावा की डोळा बरा नाही. खर्च नको, काही नको. तेवढा एक शब्द आला की त्याच दिवशी करते."

तेव्हा सेन म्या एकटीच चाउंदगांकडे गेली. त्वे यायला निघाली होती, पण ती नको म्हणाली. बैठकीत चाउंदगा एकटेच होते. तिला पाहून त्यांना खरोखरच आनंद झाला. तिनं बसण्याआधीच सांगून टाकलं. बसलं की जीभ जड होते, हे तिला माहीत होतं.

"मला दिसत नाही, चाउंदगा. त्या दिवशीही दिसत नव्हतं. मी ऐकलेलं म्हणून दाखवलं."

 ते उठले, आतलं दार लोटून आले आणि तिच्यासमोर, फरशीवर बसले. इतक्या वर्षांत ते तिच्यापुढे खाली कधी बसले नव्हते.

"हळू बोला, अदो," ते म्हणाले. "ती आत आहे." मग म्हणाले, "तिला स्वप्नात आई दिसली. पोट भरलेली होती. हिरवी लुंगी नेसली होती. माझी आई इतक्या वर्षांनी जेवली, अदो. मला झोप लागायला लागलीय."

सेन म्या फरशी चाचपत खाली बसली.

"तुमचा डोळा बरा नसेल," त्यांनी विचारलं, "तर माझी आई कुठं आहे?"

हा प्रश्न ते अडवणूक म्हणून विचारत नव्हते. त्यांना खरंच उत्तर हवं होतं, आणि त्या घरात ते देऊ शकेल असं दुसरं कोणी नव्हतं. सेन म्यानं दो प्वा मेला पाहिलेलं होतं. गोदाम म्हणजे नुसती झोपडी होती तेव्हा दोघी शेजारी बसून उडीद निवडत असत. म्हातारीला हिरव्या रंगाचा मनस्वी तिटकारा होता. हिरवी लुंगी दिसली की बेडूक आला म्हणायची. ही गोष्ट सेन म्याच्या जिभेवर आली. आली तशी तिनं ती गिळली.

"दिसतं, चाउंदगा," ती म्हणाली. "थोडं थोडं दिसतं. आज बाहेर ऊन फार आहे, म्हणून तसं वाटलं असेल."

त्यांनी इतका मोठा सुस्कारा सोडला की आतून चाउंअमानं काय झालं म्हणून विचारलं. काही नाही, अदो आल्यात, म्हणाले. मग तिचा हात हातात घेऊन त्यांनी सांगितलं की आता या वयात गोदामात यायचं नाही. तांदूळ, तेल, जे लागेल ते घरपोच येईल, जन्मभर. वर्षातून एकदा आईच्या तिथीला मठात येऊन ती शिळा वाचायची, बस्स. ती उठली तेव्हा ते तिला पायरीपर्यंत सोडायला आले.

दुसऱ्या दिवशी तांदळाचं पोतं आलं. आणणाऱ्यानं ते आत ठेवलं आणि जाताना सेन म्याच्या डोळ्याला हात जोडले. त्वेनं विचारलं, काय झालं, डॉक्टरीणबाईंना काय सांगायचं? सेन म्या म्हणाली, काही सांगू नकोस, त्या बाईला इथं नोकरी करायची आहे.

"आणि डोळा?"

"तो दो प्वा मेकडे गेला. तिला उपयोग आहे त्याचा."

 त्वेनं पोत्याची शिवण उसवली, मूठभर तांदूळ काढून तळहातावर पसरला. तांदूळ चांगला होता. निदान त्वे तसं म्हणाली.